दाढी काळी पडते तेव्हा

माझ्या धाकट्या भावाचा लातूरला कॅफे आहे. शिकवणीवर्गांच्या गल्लीत, पहिल्या मजल्यावर. त्याच्याच वरच्या मजल्यावर तो, भावजय आणि त्यांची लहान मुलगी राहतात. मी नांदेडला एका खाजगी दवाखान्यात नर्स आहे. माय माझ्याजवळ असते. मी लग्न केलं नाही. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढं जे झालं त्यात माझ्या लग्नाचाही विषय निघाला, आणि तो काढणारा माझा पाठचा भाऊ होता.

भाचीच्या वाढदिवसाला मी लातूरला गेले होते. हरभऱ्याची काढणी जवळ आली होती, दुपारचं ऊन टोचायला लागलं होतं. कॅफेत मात्र एसी असा लावलेला की अंगावर काटा यावा. गल्ल्याशेजारी, खिडकीपाशी एक काचेची पेटी होती, मासे ठेवतात तसली. तिच्यावरच गाण्यांचा स्पीकर. आत वाळूवर एक प्राणी बसला होता. वीतभर अंग, त्याहून लांब शेपूट, गळ्याखाली दाढीसारखी काट्यांची झालर, आणि रंग तुरीच्या वाळलेल्या काडीसारखा.

"हे काय हाय?" मी विचारलं.

"बिअर्डेड ड्रॅगन," भाऊ म्हणाला. "ऑस्ट्रेलियातला सरडा हाय, आक्का. अख्ख्या लातुरात कुणापाशी न्हाई. पोरं याच्यासाठीच येऊन राहिलेत."

पोरं येतच होती. एकानं त्याला वरून मुठीत धरून उचललं आणि मैत्रिणीच्या खांद्यावर ठेवलं. प्राण्यानं तोंड वासलं. गळ्याची झालर फुगली आणि बघता बघता काळीकुट्ट झाली. "हसून राहिला बघा!" कोणीतरी ओरडलं, आणि सगळ्यांचे मोबाईल वर झाले. पेटीत परत ठेवल्यावर त्यानं पुढचा एक पाय उचलला आणि हवेत सावकाश गोल फिरवला. "टाटा करून राहिला!" पुन्हा हशा.

मला सरड्यांमधलं काही कळत नव्हतं. पण वीस खाटांच्या वॉर्डात उभं राहून माझी नजर एका गोष्टीला सरावली आहे. कोण दुखतंय म्हणून कण्हतंय आणि कोण कण्हायचंही सोडून गप्प पडलंय, ते मला लांबून दिसतं. त्याच्या पायाची बोटं थरथरत होती. खालचा जबडा एका बाजूला दबलेला होता. बरगड्या जोरजोरात वरखाली होत होत्या. हे हसणं नव्हतं.

"अरे, हा आजारी हाय," मी म्हणाले.

"तू माणसांची नर्स हाईस का सरड्यांची?" भाऊ हसला आणि केक कापायला वळला.

भावजयीनं मला स्वयंपाकघरात हळूच सांगितलं की त्याला काकडी, ब्रेडचे तुकडे आणि कुणीतरी शेतातून आणून देतो त्या हरभऱ्याच्या अळ्या घालतात. मी कपाळावर हात मारला. त्या अळ्यांवरच तर लोक फवारण्या करतात. फवारलेली अळी खाल्ल्यावर त्या जिवात काय जात असेल, हे समजायला नर्स असायची गरज नव्हती. मी भावाला म्हणाले, दे मला. तो म्हणाला, "न्हाई. हा माझा आकर्षण-बिंदू हाय." हा शब्द त्यानं फलकावरही लिहिला होता.

काही आठवड्यांनी भावजयीचा फोन आला. "ताई, तो मागचे पाय ओढून राहिलाय. दोन दिवस झाले, काही खात न्हाई. हे म्हणतात, मेला तर मेला, दुसरा आणू."

मी सुट्टी टाकली आणि पहिल्या गाडीनं लातूर गाठलं. भावानं त्याला केकच्या रिकाम्या खोक्यात घालून माझ्या हातात दिलं. खोक्याला आतून साय चिकटलेली होती. "घेऊन जा," तो म्हणाला. "गिऱ्हाईकांसमोर मेला तर फजिती व्हायची." तो घाबरला नव्हता की त्याला वाईट वाटलं नव्हतं. मोडलेली खुर्ची बाहेर काढतात तसं त्यानं ते खोकं बाहेर काढलं. माझा राग तिथून सुरू होतो.

उदगीरला अशा प्राण्यांवर उपचार करणाऱ्या एक डॉक्टरीणबाई आहेत, असं मला दवाखान्यात कळलं होतं. लातूरहून मी थेट उदगीरची गाडी धरली. खोक्याला भोकं पाडून ते मांडीवर घेतलं. शेजारच्या म्हाताऱ्यानं वाकून बघितलं.

"सांडा हाय का, बाई? तेल लई चांगलं निघतं त्याचं. गुडघ्याला."

"सांडा न्हाई," मी म्हणाले.

"मग काय हाय?"

"पेशंट हाय."

पुढच्या सीटवरची बाई मागं वळली, खोक्यात बघितलं आणि पदर तोंडाला लावून "पाल हाय, पाल! अंगावर पडली की घरात माणूस मरतं," असं म्हणत उठून लांब बसली. एकाला त्याचं तेल दिसत होतं, दुसरीला त्याच्यात मरण दिसत होतं. त्याचे मागचे पाय चालत नाहीत, हे सगळ्या गाडीत एकालाही दिसलं नाही.

डॉक्टरीणबाई पन्नाशीच्या, कडक. मी खोकं उघडून त्याला उचलायला वरून हात घातला तसा त्यांनी माझा हात धरला.

"वरून नाही. त्याच्या डोक्यावर मधोमध एक बारीक ठिपका दिसतो? तो त्याचा तिसरा डोळा आहे. त्यानं त्याला चेहरा दिसत नाही, फक्त सावली कळते. वरून सावली आली की त्याच्या लेखी ती घार. तुम्ही कितीही मायेनं हात घाला, त्याच्यासाठी तुम्ही घारच."

मी हात मागं घेतला. त्यांनी बाजूनं, टेबलाला घासत तळवा सरकवला, बोटं त्याच्या छातीखाली घातली, दुसऱ्या हातानं मागचे पाय आणि शेपटीचं मूळ आधारलं आणि त्याला जेमतेम दोन बोटं वर उचललं. "चारही पायांना काहीतरी लागलं पाहिजे. अधांतरी पाय म्हणजे पडतोय असं वाटतं त्याला. आणि शेपूट कधी धरायची नाही. तुटली तर आपल्या घरातल्या पालीसारखी ती परत येत नाही."

जबडा दाबून बघत त्या म्हणाल्या, "मुडदूस."

मुडदूस झालेली लेकरं मी पाहिली आहेत. ऊन नाही, अंगाला लागणारं खाणं नाही, आणि हाडं मऊ पडतात. मी विचारलं, भावाच्या कॅफेत पेटी खिडकीपाशी होती, ऊन यायचं की. त्या म्हणाल्या, काचेतून उजेड येतो आणि ऊब येते. हाड घडवणारं ऊन काच अडवते. त्याला एक तर वेगळा अतिनील दिवा लागतो, नाहीतर काचेविना खरं ऊन. आणि एसीत त्याचं अन्नही पचत नाही, कारण अंगातली ऊब तो स्वतः तयार करू शकत नाही, बाहेरून घेतो.

मी त्यांना मोबाईलमधल्या वाढदिवसाच्या फोटोतलं ते हसणं दाखवलं. त्यांनी फोटो मोठा करून बघितला. मग म्हणाल्या, "दिव्याखाली ऊब घेताना दाढी फिकट असेल आणि तोंड उघडं असेल, तर तो जास्तीची उष्णता बाहेर टाकतोय. तेव्हा काळजी नको. पण हातात धरलेलं असताना तोंड वासलं, दाढी फुगली, काळी पडली, तर तो सांगतोय की लांब हो. आणि पाय हलवतो ना गोल गोल? तो टाटा नाही. 'मी लहान आहे, मला मारू नको' असं म्हणतो तो."

मला त्या वाढदिवसाची सगळी माणसं आठवली. एक जीव हात जोडून गयावया करत होता आणि आम्ही त्याला उलट हात हलवून दाखवत होतो.

"मॅडम, मी लाड करीन त्याचे," मी म्हणाले. त्यांना ते आवडलं नाही.

"लाड नकोत. आधी ऊन द्या, कॅल्शियम द्या, आणि काही दिवस हात लावू नका. औषधापुरतं सोडून. तुम्हाला त्याचं प्रेम पाहिजे आहे, त्याला तुमच्याकडून फक्त एक पाहिजे आहे, तुमची भीती वाटायला नको."

निघताना त्यांनी हात धुण्याबद्दलही खडसावलं. अशा प्राण्यांच्या विष्ठेतून जुलाब-तापाचे जंतू येतात. हाताळण्याआधी आणि नंतर साबण. त्याची भांडी स्वयंपाकघरात धुवायची नाहीत. मुका घ्यायचा नाही. लहान लेकरं आणि म्हाताऱ्या माणसांच्या हातात द्यायचा नाही. मला भाची आठवली. वाढदिवसाला त्याला हाताळून तिनं त्याच हातानं केक खाल्ला होता.

नांदेडला मायनं दारातच अडवलं. "हे घरात न्हाई यायचं."

"आलंय," मी म्हणाले आणि आत गेले.

मायचं माहेर लोह्याकडचं, शेतातलं. साप, विंचू, घोरपड सगळं पाहिलेली बाई. तिला भीती नव्हती, घरात जनावर ठेवणं तिला पटत नव्हतं. पण त्याचे लुळे पाय बघून तिनं जागा करून दिली. नाव ठेवायचं म्हटलं तर भावानं त्याला कुठलंतरी इंग्रजी नाव दिलं होतं, ते माझ्या तोंडी येईना. माय त्याला पाव्हणा म्हणायला लागली. तेच राहिलं.

मोठी पेटी केली. एका टोकाला तापता दिवा आणि त्याखाली दगड, दुसऱ्या टोकाला सावली आणि लपायला अर्धं मडकं, म्हणजे गरम वाटलं की तो आपला आपण सरकेल. वाळू काढून खाली फरशीचे तुकडे टाकले. अतिनील दिव्याची नळी मागवली. औषध द्यायचं तेवढंच, बाकी मी पेटीपासून हातभर अंतरावर खाली बसायची. पेपर वाचायची, लसूण सोलायची. तो माझ्याकडं एका डोळ्यानं बघायचा. दाढी काळी. रोज काळी. मी बसून उठून जायची, काही न करता. एक दिवस मी बसले आणि दाढी काळी पडली नाही, राखाडीच राहिली. माझ्या डोळ्यांत पाणी आलं, आणि त्या पाण्यातही मला संतापच जास्त होता, की माणूस जवळ येऊन बसला आणि त्यानं काहीच केलं नाही, एवढंच बघायला या जिवाला इतके दिवस लागावेत.

मग चिमट्यानं खाऊ. शेवग्याचा कोवळा पाला, भोपळ्याचा कीस, जास्वंदीची पाकळी. पाळलेले रातकिडे डब्यातून यायचे. त्याच्या दोन डोळ्यांमध्ये जेवढं अंतर, त्याहून मोठा किडा घालायचा नाही. माय रातकिड्यांच्या डब्याला शिव्या द्यायची, पण मी ड्युटीवर असले की तीच पाला चिरून ठेवायची, त्याच्यासाठी वेगळ्या केलेल्या ताटलीत.

मग उघडा तळवा, खाली, बाजूला, हलवायचा नाही. किती तरी दिवस तो तळवा नुसता तिथं पडून असायचा. पावसाळ्यात एका सकाळी त्यानं त्यावर पुढचा पाय ठेवला. ओल्या मातीत उमटलेल्या पक्ष्याच्या पायासारखी फाकलेली बोटं, बारीक नखं. दुसरा पाय ठेवला. मग मागचे. मागचे पाय आता चालत होते. वाकडे, पण चालत होते. तो माझ्या मनगटापर्यंत आला, थांबला आणि परत गेला. मी अडवलं नाही. बाईंनी सांगितलं होतं, त्याला जायचं असेल तेव्हा जाऊ दिलं, तरच तो परत येईल.

हे सगळं चालू असताना लोक गप्प बसले असतील असं नाही. बिल्डिंगमधले दार वाजवून यायचे, "दाखवा ना." आलं की बोट वरून डोक्याकडं. "हात लावला की डोळे मिटतो, बघा कसं आवडून राहिलं त्याला!" न आवडलेलं सोसून घेताना तो डोळे मिटायचा, आणि हे मी इतक्यांदा सांगितलं की शेवटी दार उघडायचंच बंद केलं. एक बाई त्याची कात मागायला आली, ताईतात घालायला. तेव्हा त्याची कात सुटत होती, बोटांना चिकटून होती; ती ओढायची नसते, आपोआप पडू द्यायची असते. मी तिला म्हणाले, तुमची कातडी देता का आधी? ती अजून माझ्याशी बोलत नाही. बरं झालं.

दिवाळी आली. गारवा पडला तसा पाव्हण्याचा वेग कमी झाला. खाणं घटलं, दिवसभर मडक्यात. मी घाबरून उदगीरला फोन केला. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, थंडीची झोप आहे, काही आठवडे चालेल. पोट रिकामं झालंय ना बघा, वजन बघत राहा, आणि त्याला उगीच हलवू नका.

भाऊबीजेला भाऊ आला. मी ओवाळलं. तो ताटावर बसला असताना पाव्हणा मडक्यातून बाहेर आला, आणि मी पेटीपाशी बसले होते तर सावकाश माझ्या मांडीवर चढून बसला. दाढी पांढरी, अंग सैल.

भावाचं जेवण थांबलं. "अरे! माणसाळला की हा!"

तो शब्द मला तेव्हाच लागला. माणसाळला, म्हणजे आता वापरता येईल.

"आक्का, कॅफेचा वाढदिवस हाय. दोन दिवसांसाठी दे. फोटो लई भारी येतील आता."

"न्हाई."

"माझाच हाय की तो."

"मेला तर मेला म्हणालास तेव्हा तुझा होता. आता न्हाई. आणि त्याच्या झोपेचे दिवस हायेत, त्याला हलवायचं नसतं."

तो हसला, पुरणपोळीवर तूप मागितलं आणि विषय बदलला. मला वाटलं, संपलं. मी दुपारच्या ड्युटीवर गेले.

परत आले तेव्हा दिवा चालू होता आणि पेटी रिकामी होती. माय पलंगावर बसली होती.

"घेऊन गेला तो," ती म्हणाली. "दोन दिवसांनी आणून देतो म्हणाला. भाऊ हाय तुझा. एवढ्याशा गोष्टीला काय न्हाई म्हणायचं?"

भाऊबीजेला भाऊ बहिणीला काहीतरी देऊन जातो. माझा भाऊ घेऊन गेला, मी घरात नसताना, आईला पुढं करून. मी मायशी त्या दिवशी बोलले नाही. बोलले असते तर काय बोलले असते कुणास ठाऊक.

त्यानं फोन उचलला नाही. दुसऱ्या दिवशी वॉर्ड भरलेला होता, सुट्टी मिळाली नाही. सलाईन लावताना माझे हात नीट होते, डोकं नव्हतं. त्याच्या पुढच्या दिवशी सकाळच्या गाडीनं मी लातूरला गेले.

कॅफेच्या दाराला फुगे होते. जिन्यातच गाणं ऐकू येत होतं. वर गेले तर पाव्हण्याच्या डोक्यावर कागदाची टोपी, दोऱ्यानं हनुवटीखाली बांधलेली, त्याच मऊ जबड्यावर. एका मुलीच्या खांद्यावर ठेवलेला. दाढी काळी, डोळे मिटलेले, अंग चपटं करून तिच्या कुर्त्याला चिकटलेला. भाऊ समोर उभा राहून चित्रीकरण करत होता.

"अरे आक्का! गिऱ्हाईकं हायेत. आत चल, चहा घे."

"आधी त्याला उतरव."

"दोन मिनिटं, एवढं होऊन जाऊ दे."

मी त्याच्या हातातला मोबाईल घेतला आणि गल्ल्यावर उलटा ठेवला. गाणं चालूच होतं. मी मुलीपाशी गेले. तिच्यावर माझा राग नव्हता. ती पोर बारावीची असेल, शिकवणीची जाड पिशवी पायापाशी.

"बाळा, खाली बस. हळू. आता त्याच्या पोटाखाली हात घाल. मागचे पायही धर. हां. माझ्याकडं दे."

तिनं अगदी नीट दिला. मग विचारलं, "मॅडम, हा आजारी आहे का?"

"घाबरलाय."

"आम्हाला वाटलं, तो असाच असतो. काळा."

कुणी सांगितलंच नव्हतं तिला. ज्यानं सांगायचं तो टोपी बांधत होता. मी टोपीचा दोरा सोडवला. माझ्या हातातही तो तसाच चपटा राहिला. त्यानं मला ओळखलं नाही, किंवा ओळखलं असेल तरी त्याला फरक पडला नाही.

भाऊ आता लाल झाला होता. "जनावरासाठी चार लोकांत भावाची इज्जत काढून राहिलीस?"

"चार लोकांत त्याचं काय काढून राहिलास, ते बघ आधी."

"सरडा हाय तो, आक्का! सरडा! ना नवरा, ना लेकरू, म्हणून सरड्यात जीव अडकलाय तुझा."

गाणं तेवढ्यात संपलं होतं, त्यामुळं सगळ्यांनी ऐकलं.

मला खूप काही बोलायचं होतं. बापाच्या आजारपणात कोण उशाशी होतं, मायला कोण सांभाळतं, हे सगळं घशात आलं होतं. पण माझ्या तळव्यात एक जीव थरथरत होता, आणि मी ओरडले असते तर तो जास्त थरथरला असता. म्हणून मी आवाज चढवला नाही. एवढंच म्हणाले, "माझा जीव कुठं अडकवायचा ते मी बघीन. तू माझ्या घरात पुन्हा मी नसताना पाय ठेवायचा न्हाई."

भावजय वरून उतरली होती. तिच्या हातात टोपली होती, आत जुना टॉवेल आणि कोमट पाण्याची बाटली. तिनं नवऱ्याकडं बघितलं नाही. टोपली माझ्यापुढं धरली, मी पाव्हण्याला आत ठेवलं, आणि ती जिन्यापर्यंत माझ्याबरोबर आली. "ताई, मी न्हाई म्हणत होते," ती म्हणाली. "ऐकतं कोण?"

उदगीरला पुन्हा गेले. हाडं तुटली नव्हती, पण झोपेत असलेलं अंग जागं करून दोन दिवस नाचवलं होतं, आणि थंडीत पोटात कोंबलेला ब्रेड सडत होता. बाईंनी औषधं दिली आणि म्हणाल्या, "वाचेल. पण हाताची सवय पुन्हा पहिल्यापासून लावावी लागेल."

तसंच झालं. मी पेटीपाशी बसले की दाढी काळी. तळवा ठेवला की तो मडक्यात. पुढचा पाय उचलून गोल फिरवायचा, माझ्याकडं बघून. मला मारू नको. मी त्याला कधीच मारलं नव्हतं, आणि तरी रोज सकाळी तो मला हे सांगायचा. त्या दिवसांत मी भावावर जितकी चिडले तितकी आयुष्यात कुणावर चिडले नाही. दुसऱ्याचं काही मोडलं तर भरून देता येतं. दुसऱ्याला कुणीतरी कष्टानं दिलेला भरवसा मोडला तर तो कुठल्या दुकानातून आणून द्यायचा?

मायनं माफी मागितली नाही. तिच्या पिढीत आया मुलींची माफी मागत नाहीत. पण भावाचा फोन आला तेव्हा मी शेजारच्या खोलीत होते, आणि तिचं बोलणं मला ऐकू आलं. "मला काय विचारतोस? तिला विचार. मी दिला ते चुकलं माझं. आता माझ्या हातून काही न्हाई मिळायचं तुला." मग ती पेटीपाशी खाली बसली, गुडघे धरत, आणि वाटाणे सोलत राहिली. त्याच्याकडं बघितलंही नाही तिनं. बरोबर तसंच, जसं बसायला पाहिजे.

पाव्हणा झोपला, बारीक झाला, जागा झाला. उन्हाळ्याच्या तोंडाला तो पुन्हा खायला लागला. वीज गेली की मी ओलं फडकं घेऊन बसायची, कारण नांदेडच्या उन्हाळ्यात त्याला दिव्याची नाही, सावलीची गरज असते. आधी तो मायच्या हातावर आला. मग माझ्या. मांडीवर मात्र अजून येत नाही. जबडा वाकडाच राहिला आहे, पाला खाताना एका बाजूनं थोडा सांडतो.

भावानं काही महिन्यांनी दुसरा आणला. याच जातीचा, बोटभर पिल्लू. मला भावजयीनं सांगितलं तेव्हा मी फोनवर तिच्यावरच ओरडले, तिची काही चूक नसताना. ती ऐकून घेत राहिली. मग म्हणाली, "ताई, मी त्याला खाली न्हाई जाऊ दिलं. वर आमच्या खोलीत हाय. कुलूप लावलंय, चावी माझ्यापाशी हाय. हे चार दिवस बोलले न्हाईत माझ्याशी. न्हाई बोलले तर न्हाई. तुम्ही फक्त दिवा कुठला घ्यायचा ते सांगा."

मी सांगितलं. दिवा, दगड, सावलीचं टोक, न फवारलेला पाला, हात बाजूनं, पोरीला साबण. ती रोज संध्याकाळी फोन करते. कधी विचारते, अंग चपटं केलं तर काय, मान वरखाली झटकतो तर काय. पिल्लू चांगलं वाढतंय, पाय सरळ आहेत. कॅफेत आता पेटीच्या जागी कॉफीचं दुसरं मशीन आहे, असं ती म्हणते.

भाऊ घरच्या ग्रुपवर रोज सकाळी फुलांचे फोटो टाकतो. माय बोट लावून अंगठा पाठवते. मी भावाशी अजून बोलत नाही.